फरक दोन इंच

मास्तरांनी दुकान बंद करायचं ठरवलं होतं. वर्षअखेरीला शटर ओढायचं आणि किल्ली देऊन मोकळं व्हायचं. बायको गेल्याला दीड वर्ष झालं. तेव्हापासून त्यांनी शिवलेला शर्ट धड बसला असं एकही गिऱ्हाईक म्हणालं नव्हतं. छातीत आवळतो, बटणं ताणतात, हेच रडगाणं. तीस वर्षांचा शिंप्याचा हात गेला, हे दुसऱ्या कुणी तोंडावर सांगण्याआधी मास्तरांनी स्वतःच मान्य करून टाकलं.

"मग दिवसभर करणार काय?" दूरच्या शहरातल्या लेकीनं फोनवर विचारलं.

"भिंती मोजीन."

"त्यापेक्षा पायथन शिका, बाबा. कॉम्प्युटरची सगळ्यात सोपी भाषा आहे."

"म्हातारपणी पाटी-पेन्सिल?" मास्तर म्हणाले खरे, पण रिकामं दुकान खायला उठत होतं. लेक रविवारी शिकवायची आणि आठवडाभर ते दोन बोटांनी बटणं बडवत बसायचे. उघडलेला कंस मिटायला विसरले की कॉम्प्युटर लाल अक्षरांत खेकसायचा. मास्तरांना त्याचा राग येत नसे. दिवसभरात त्यांच्याशी बोलणारं तेवढंच एक होतं.

"पहिला प्रोग्राम छोटा घ्या," लेक म्हणाली. "रोजच्या कामातला."

रोजच्या कामातल्या होत्या मापांच्या वह्या. मास्तर टेप लावून मोठ्यानं आकडा सांगत आणि बायको टेबलाशी बसून लिहून घेई. चार दिवसांनी कापड बेतताना ते वहीत बघत. तोवर कुणाची छाती किती हे लक्षात राहायचं कुणाला? तीस वर्षं हाच शिरस्ता. आता ते आकडा मोठ्यानं सांगत आणि स्वतःच टेबलाशी जाऊन लिहीत. सांगायची सवय काही सुटली नव्हती.

वह्या रद्दीत घालण्याआधी सगळी मापं कॉम्प्युटरमध्ये चढवायला त्यांना तीन आठवडे लागले. मग प्रोग्राम लिहिला. नाव टाकलं की त्या माणसाची आजवरची मापं एकाखाली एक दिसायची. पोस्टमनची छाती चाळीस, चाळीस, चाळीस आणि शेवटी अडतीस. शाळेतल्या सरांची चव्वेचाळीस, चव्वेचाळीस, बेचाळीस. मास्तरांनी लेकीला न विचारता वजाबाकीची ओळ घातली. फरक दोन. पुढचं नाव, फरक दोन. त्याच्या पुढचं, तरी दोनच.

"अगं, सगळी गल्ली एकदम वाळली की काय?" त्यांनी फोन लावला. "माझा प्रोग्राम चुकतोय."

लेकीनं तो वाचून घेतला. "प्रोग्राम बरोबर आहे, बाबा. तारखा बघा."

मोठे आकडे बायकोच्या हातचे होते, लहान त्यांच्या.

मास्तरांनी सगळ्यात जुनी वही काढली. एका पानावर छत्तीस खोडून शेजारी अडतीस लिहिलं होतं. पुढच्या पानावरही तसंच. त्यानंतर खाडाखोड नव्हती. त्यांना आठवलं, लग्नानंतरच्या पहिल्या वर्षी शर्ट परत यायचे. टेप जरा सैल धरा, एवढंच ती म्हणाली होती, आणि मास्तर तीन दिवस तोंड फुगवून बसले होते. पुन्हा तिनं तो विषय काढला नाही. गुपचूप दोन इंच मिळवत राहिली आणि लोक मास्तरांच्या हाताची तारीफ करत राहिले.

म्हणजे हात गेला नव्हता, ती गेली होती. दुकान बंद करायचं कारणच उरलं नाही. पण हे जिला सांगायचं ती समोर नव्हती, आणि मास्तरांना तिच्या जाण्याच्या दिवशीही वाटलं नव्हतं इतकं एकटं वाटलं.

दुपार कलल्यावर त्यांनी प्रोग्राममध्ये आणखी एक ओळ घातली. मग टेप स्वतःच्याच छातीभोवती नेहमीसारखी आवळून धरली आणि टेबलाकडे बघून सांगितलं, "छाती अडतीस."

जाऊन आकडा टाकला. पडद्यावर चाळीस उमटलं.

"बरोबर आहे तुझं," मास्तर म्हणाले.