सांगलीच्या सभागृहातला सत्ताविसावा पट

पसरणीचा घाट चढून गाडी पाचगणीत शिरली तेव्हा ग्रँडमास्टर यानेक मागच्या सीटवर तोंड उघडं टाकून झोपले होते. युरोपातल्या एका छोट्या देशाचे हे पंचावन्न वर्षांचे गृहस्थ सातारा-सांगलीच्या दौऱ्यावर आले होते, आणि त्यांच्या कारकिर्दीवर लेख लिहायला एका मासिकाने मला त्यांच्यासोबत पाठवलं होतं. बुद्धिबळावर मी तीस वर्षं लिहितो आहे. अशा कारकिर्दी पुष्कळ पाहिल्या. एकोणिसाव्या वर्षी किताब, पंचविशीत ऑलिंपियाड, चाळिशीत घटस्फोट, पन्नाशीनंतर भारत दौरा.

पाचगणीला एका निवासी शाळेत पालकांची सभा होती. काचेच्या वाट्यांत स्ट्रॉबेरी आणि क्रीम, गळ्यात गॉगल अडकवलेले वडील. एका बाईंनी विचारलं, "मुलाला ग्रँडमास्टर व्हायला साधारण किती वर्षं धरायची?"

"माझे काही मित्र चाळीस वर्षं होताहेत," यानेक म्हणाले. बाईंनी ते वहीत लिहून घेतलं.

मग त्यांनी एका जगज्जेत्याशी केलेल्या बरोबरीची गोष्ट सांगितली. पाचगणीत ती अठ्ठावन्न चालींत झाली होती. दुपारी साताऱ्यात, कंदी पेढे खाता खाता, बेचाळीस चालींत झाली. कऱ्हाडला चहा घेताना जगज्जेत्याला घाम फुटला. पुढच्या सीटवरचे संयोजक देसाई दर वेळी टाळ्या वाजवत. देसाईंनी जन्मात प्यादं हलवलेलं नव्हतं, पण त्यांच्या हाफ जाकिटावर हत्तीचा सोनेरी बिल्ला होता, आणि तो त्यांनी उलटा लावला होता.

दुसऱ्या दिवशी सांगलीत मुख्य कार्यक्रम होता: यानेक पटापटांवरून फिरत एकाच वेळी तीस जणांशी खेळणार. आधी सत्कार झाला. फेटा, शाल, श्रीफळ, आणि पाच जणांची भाषणं. एका वक्त्याने बुद्धिबळाचा संबंध हळदीच्या व्यापाराशी जोडला, दुसऱ्याने स्वतःशी. खेळणारे दीड तास पटांसमोर ताटकळले. मी भडंगाचा पुडा घेऊन टेबलांमधून फिरत होतो, मनात लेखासाठी बोचरी वाक्यं जुळवत. सत्ताविसाव्या पटासमोर एक बाई बसल्या होत्या. पंचेचाळिशीच्या, सुती साडी, पुढ्यात शाळेची वही. त्यांनी सोंगट्या चौकोनांच्या अगदी मध्यावर नीट करून ठेवल्या, आणि त्या सवयीवरून मी त्यांना ओळखलं.

"तुम्ही मंगल बंडगर का? जतच्या?"

"व्हय. आन् तुमी पेपरात लिवणारं."

मेंढपाळाच्या घरातली ही मुलगी वीस वर्षांपूर्वी हंगेरीत खेळून आली होती. वडील फौजेत खेळ शिकले, त्यांनी तिला शिकवलं. आंतरराष्ट्रीय किताबासाठी तीन नॉर्म (ठरावीक दर्जाची कामगिरी) लागतात. तिचे दोन झाले होते. पुढे नाव ऐकू आलं नाही, आणि मीही कधी विचारलं नाही.

"खेळ का सोडलात?" मी आता विचारलं.

त्या माझ्याकडे न बघता बोलल्या. "हंगेरीत शेवटचा डाव हरले, तवा तुमी लिवलं हुतं, जतच्या कोरड्या मातीत ज्वारी येते, बुद्धिबळ येत नाही. निवड समितीच्या मीटिंगमधी ते वाचून दाखवलं. लय हसली मंडळी. माझं वडील बाहेर बाकावर बसलेलं, त्यांनी ऐकलं. तिसऱ्या बारीला मला पाठवलंच न्हाई."

ते वाक्य मला आठवलं. लिहिलं त्या दिवशी ते मी दोन मित्रांना फोनवर वाचून दाखवलं होतं. तेवढ्यात यानेक पटांपाशी आले आणि खेळ सुरू झाला.

साडेतीन तासांत एकोणतीस टेबलं रिकामी झाली. सत्ताविसावं उरलं. दोन्हीकडे एकेक हत्ती, बाईंचं एक प्यादं जास्त. यानेकनी बरोबरीसाठी हात पुढे केला. बाईंनी मान हलवून नकार दिला.

देसाई घाईघाईने आले. जेवणाला कोणी मोठे पाहुणे यायचे होते. "आवं बाई, घ्या की बरोबरी. ग्रँडमास्टरशी बरोबरी म्हंजे लय झालं. पावनं खोळंबल्यात."

"डाव चालू आहे देसाई, त्यांना खेळू द्या," मी म्हणालो. माझा आवाज जरा जास्तच चढला.

"तुमी बसा," बाई मला म्हणाल्या. "मला बोलता येतंय." मग देसाईंकडे वळल्या. "साहेबांना उशीर हुत आसंल तर त्यांनी डाव सोडावा."

यानेकना मराठी येत नव्हती, पण अर्थ कळला असावा. त्यांनी फेटा काढून खुर्चीवर ठेवला, समोर खुर्ची ओढली आणि पहिल्यांदाच बसून खेळू लागले. दोन दिवसांत मी त्यांना इतकं जागं पाहिलं नव्हतं. अर्ध्या तासाने त्यांनी स्वतःचा राजा आडवा केला, उठले, आणि बाईंना विचारलं, "मी कुठे चुकलो, दाखवाल?" दोघं मोडक्या इंग्रजीत सोंगट्या मागे नेऊन पुन्हा मांडू लागले. देसाई माईकवरून सांगत होते की ग्रँडमास्टरांनी सर्वच्या सर्व डाव जिंकले.

मी बाईंकडे चाली मागितल्या. "या गडबडीत न्हाई," त्या म्हणाल्या. "जतला या."

सकाळची एसटी मिरज, कवठे महांकाळ करत जतला निघाली. ऊस मागे पडला, मग द्राक्षबागाही. रस्त्याला पाण्याचे टँकर आणि बाकदार नाकाची माडग्याळी मेंढरं. शेजारच्या म्हाताऱ्याने माझ्याशी आधी कन्नडमध्ये बोलून पाहिलं. "बंडगर बाई व्हय? आमच्या नातीला गणित शिकिवत्यात," तो म्हणाला. त्या बुद्धिबळ खेळतात हे त्याला माहीत नव्हतं.

बाईंनी बाजरीची भाकरी, हिरवा ठेचा आणि शेंगाहोळगी (दाण्याची गोड पोळी) वाढली. खाऊन झाल्यावर मी म्हणालो, "मला तुमची माफी मागायची आहे."

"माफी घिऊन काय करू?" त्या म्हणाल्या. आवाजात राग नव्हता, म्हणून ते जास्त लागलं. "वडील ऱ्हायले न्हाईत. डाव नीट लिवा. सगळ्या चाली. त्यात तुमचं काय घालू नगा."

त्यांनी वही समोर ठेवली. मी एकसष्ट चाली उतरवून घेतल्या. चौतिसाव्या चालीत मी उंटाच्या जागी घोडा लिहिला. तो त्यांनी दाखवला आणि खोडायला लावला.

घरी पोचल्यावर मी तो डाव लिहून पाठवला: कोण, कुठे, कोणाविरुद्ध, आणि चाली. संपादकांचा फोन आला. "ग्रँडमास्टरची कारकीर्द कुठे आहे? आणि इतकं कोरडं? तुमची शैली कुठे गेली?"

लिहिताना देसाईंवर एक फार झकास वाक्य सुचलं होतं. यानेकवर दोन. कागदावर उतरल्यावर मी ती मोठ्याने वाचली, आणि मीटिंगमध्ये कोण कोण हसेल ते मला दिसलं.

"जसं आहे तसंच छापा," मी म्हणालो. "नाही तर छापू नका."