शेजारपाटी

...तर आपण चर्चच्या कोटातल्या चरबीच्या बुरुजात होतो. सोळा पोरं, त्यांचे आईबाप, आणि वर तुळईला ओळीनं ठोकलेले लोखंडी आकडे. गाव दाखवणारी सुझाना देपनर सांगत होती की यातल्या एकेका आकड्याला एकेका घरची खारवलेली डुकराची चरबी टांगलेली असायची. रविवारी सकाळी बुरूज उघडला की ज्यानं त्यानं आपला आठवड्याचा तुकडा कापायचा आणि कापलेल्या कडेवर आपल्या घरचा शिक्का मारायचा. मधल्या दिवसांत कुणी सुरी चालवली तर शिक्का तुटलेला दिसणार, चोर उघडा पडणार.

"तर एका वर्षी मिश श्नेलची चरबी इस्टरच्या आधीच संपली," सुझाना म्हणाली. "त्यानं गुपचूप शेजाऱ्याची कापली. चांगली हातभर कापली. आणि सवयीचा गुलाम, वर शिक्का मारला तो आपल्याच घरचा!"

पोरं खिदळली. एका बापानं विचारलं, "मग शिक्षा काय झाली?"

"शिक्षा कसली! सात वर्षं लग्न जमलं नाही. पोरीकडचे लोक म्हणायचे, चोर चालेल, पण इतका बावळट नको."

हे सांगताना सुझानाचे गाल लाल व्हायचे. अठ्ठ्याहत्तर वर्षांची बाई, पण बुरुजाच्या पायऱ्या पोरांच्या आधी उतरून खाली कमरेवर हात ठेवून उभी राहायची. तिनं इतिहास काही शिकून मिळवलेला नव्हता. लिंडनाऊ ह्या आपल्या गावच्या शाळेत ती तीस वर्षं झाडलोट करायची आणि वर्गातली शेगडी पेटवायची. लाकडं हळूहळू सारत बसलं की मास्तरांचा निम्मा तास कानावर पडायचा. मास्तर १९९० साली सगळ्यांबरोबर जर्मनीला गेले, पुस्तकंही घेऊन गेले. राहिला तो शेगडीमागून ऐकलेला इतिहास, आणि चर्चची वीतभर लांबीची किल्ली.

त्या साली गाव कसं रिकामं झालं ते काय सांगावं. रोमेनियातली आठशे वर्षांची सॅक्सन, म्हणजे जर्मन वंशाच्या लोकांची वस्ती, दीड वर्षात ओस. सुझानाची सासू अंथरुणाला खिळलेली, म्हणून ती आणि तिचा नवरा हान्स मागे राहिले. एकोणीस वर्षांचा मुलगा उवे काकाबरोबर गेला. पुढे सासू गेली, नऊ वर्षांपूर्वी हान्सही गेला. आता त्या गल्लीत सॅक्सन म्हणावी अशी ती एकटी. सॅक्सन बोली ती फक्त कोंबड्यांशी बोलायची. कुणी हसलं तर म्हणायची, "काय करू, त्यांना रोमेनियन येत नाही."

दर शनिवारी मात्र, इस्टरपासून द्राक्षं उतरेपर्यंत, सिबियू, सिगिशोआरा अशा शहरांकडून माणसं पोराबाळांना घेऊन यायची. सुझाना त्यांना पायी गाव फिरवायची. आधी चर्च, मग बुरूज, मग गल्ली. आणि गल्लीत पोरांच्या हाती द्यायची ती शेजारपाटी.

ही पाटी म्हणजे तळहाताएवढी लाकडाची फळी. वर दोन हात एकमेकांत गुंफलेले कोरलेले, वरच्या टोकाला भोक. सॅक्सन लोकांत प्रत्येक गल्लीचा एक शेजार असे, म्हणजे अडीअडचणीला एकमेकांकडे धावणाऱ्या घरांचा गट. शेजारातलं कुणी वारलं, कुणाचं छप्पर घालायचं निघालं, की पाटी निघायची. पहिल्या घरानं निरोप सांगून दुसऱ्याच्या हातात द्यायची, दुसऱ्यानं तिसऱ्याच्या. तिचे नियम तीन. पाटी घरात झोपवायची नाही, दिवस मावळायच्या आत पुढे गेली पाहिजे. मधलं घर वगळायचं नाही, मग त्या घराशी कितीही भांडण असो. आणि पाटी बाहेर असेतो, फिरून मूळ घरी येईतो, शेजारातल्या कुणी गाव सोडायचं नाही, कारण खड्डा खणायला हात लागतात. उवे निघाला त्याच सकाळी पलीकडची म्हातारी वारली आणि पाटी निघाली. सामानानं भरलेला ट्रक तीन दिवस दारात उभा. ड्रायव्हर शिव्या देत होता आणि उवे कबर खणत होता.

हान्स गेला तेव्हा पाटी तीनच घरी जाऊन आली. नंतर ती तीन घरंही मिटली, तशी पाटी सुझानाच्या दाराआड खिळ्यावर येऊन थांबली. घरात झोपवायची नाही ती पाटी रोज रात्री तिथंच झोपायची. फक्त शनिवारी पोरं ती हातात धरून प्रत्येक फाटकावर तीनदा टकटक करायची आणि सुझाना सांगायची, इथं गाड्यांची चाकं करणारे बार्थ राहायचे, इथली बाई मधमाश्यांना नावं ठेवायची, म्हणजे बारशाची नावं हं! मग पोरं पुढच्या फाटकाकडे पळायची. त्या फाटकांमागे आज कोण राहतं हे तिनं कधी सांगितलं नाही. ते शेजारातले नव्हते, एवढंच तिच्या डोक्यात.

तीनच्या सुमारास गाड्या निघून जायच्या. शेवटच्या गाडीच्या मागच्या काचेतून एखादं पोर हात हलवायचं. सुझाना धूळ बसेतो उभी राहायची. मग घरी येऊन शनिवारी मुद्दाम जास्तीचं केलेलं सूप ती बुधवारपर्यंत पुरवून खायची.

आता त्या सप्टेंबरातली गोष्ट. उवे दर रविवारी पाच वाजता फोन करायचा आणि यंदा हट्टालाच पेटला होता. त्याच्या घराशेजारी खोली बघून ठेवलेली, खाली बेकरी, समोर बाग. तिनं आधी इस्टरचं निमित्त पुढे केलं, मग चेरींचं, मग द्राक्षांचं. शेवटी तो म्हणाला, "आई, ऑक्टोबरात मी गाडी घेऊन येतोय. ह्या रविवारी मला हो की नाही ते सांग." हो म्हणावं तर काय सोडायचं, आणि नाही म्हणावं तर कुणासाठी राहायचं, हे दोन्ही तिला सांगता येत नव्हतं.

तर त्या शनिवारी विहिरीपाशी स्मारांदा नावाच्या सात वर्षांच्या मुलीच्या बापानं सहज विचारलं, "आजी, वसंतात माझ्या बहिणीची पोरं घेऊन येऊ का?"

"वसंतात मी असेन का, देव जाणे," सुझाना म्हणाली. "मुलगा जर्मनीला नेतो म्हणतोय."

स्मारांदा पाटी छातीशी धरून शेजारीच उभी होती. तेवढ्यात कुणाचं तरी पोर विहिरीच्या कठड्यावर चढलं, आरडाओरडा झाला, सुझाना तिकडे धावली. परत येते तो पोरीचे हात रिकामे.

"पाटी कुठंय गं?"

"पुढे गेली."

"पुढे म्हणजे?"

"सतरा नंबरच्या काकूंना दिली. दिवस मावळायच्या आत पुढच्या घरी द्या म्हटलं. तुम्हीच सांगितलंत ना, आजी?"

बाप शरमेनं लालेलाल. "अगं, ते खेळातलं होतं! आजी, मी आत्ता घेऊन येतो."

"राहू दे," सुझाना म्हणाली. "मी बघते."

 गाड्या गेल्या, आणि त्या दिवशी कुणी हात हलवला की नाही हे तिनं पाहिलंच नाही. ती थेट सतरा नंबरला गेली.

सतरात रोदिका राहायची. तीस वर्षं समोरासमोर, पण बोलणं म्हणजे "दूध नासलं का?" आणि "पाऊस येणारसं दिसतंय." रोदिका अंगणात मिरच्या भाजत होती. तिनं मान वर केली नाही.

"पाटी अठराला दिली मी. तिथून पुढेही गेली असेल आतापर्यंत. तर जाताय म्हणे जर्मनीला?"

"कुणी सांगितलं?"

"पाटीनं! मी पोरीला विचारलं, बातमी काय? ती म्हणाली, सुझीआजी जाणार. आता सगळ्या गल्लीला ठाऊक. आम्हाला मात्र परक्या पोरीकडून कळायचं."

"अजून काही ठरलं नाही," सुझाना म्हणाली. "आणि ती पाटी अशी..."

"आमच्यासाठी नाही, हेच ना?" रोदिकानं मिरची उलटली. "आठ वर्षं दर शनिवारी माझं फाटक वाजतं. टक, टक, टक. हातातलं टाकून मी उठते, कडी काढते, तो तुम्ही पुढच्या फाटकावर. पहिल्यांदा मला वाटलं, पोरं खोड्या काढतात. मग कळलं, तुम्ही मेलेल्यांना हाका मारताय. मधे आम्ही आपले उभे!"

  मिरच्यांचा धूर सुझानाच्या डोळ्यांत गेला, ते एक बरं झालं.

पुढच्या प्रत्येक घरी तेच. पाटी नुकतीच पुढे गेलेली, आणि दारातलं माणूस तिच्याकडे असं बघणारं, जसं बांधून ठेवलेल्या ट्रंकेकडे बघावं. कुणी म्हणालं, "तुमची विहिरीची साखळी कुणाला देणार?" कुणी म्हणालं, "कोंबड्या विकणार असाल तर आम्हाला आधी सांगा." तिचा निर्णय झाला नव्हता आणि गल्ली वाटण्या करून मोकळी झाली होती.

बावीस नंबरला म्हातारा पान्तेलिमोन, निवृत्त पोस्टमन. तो फाटकातच खुर्ची टाकून बसला होता.

"पाटी माझ्याकडे पोचली, चार वाजून दहा मिनिटांनी," त्यानं वर्दी दिली.

"मग द्या."

"तुम्हाला कशी देणार? पुढचं घर तेवीस."

"अहो पान्तेलिमोन, तेवीस म्हणजे क्लोस. तेही जर्मनीला गेले, आता ऑगस्टात पंधरा दिवस येतात आणि जातात. घर बंद आहे."

"बंद आहे ते मला दिसतं. पण वगळायचं नाही, आणि माझ्या घरात झोपवायचीही नाही, पोरीचा हा निरोप रोदिकाकडून हातोहात आलाय. चाळीस वर्षं टपाल वाटलं, बाई. घर बंद म्हणून पत्ता बदलत नसतो. निरोप दारावर लटकवायचा."

त्यानं बोटानं दाखवलं. तेवीस नंबरच्या हिरव्या फाटकावर, गंजलेल्या खिळ्याला, पाटी लटकत होती. दोन गुंफलेले हात गल्लीकडे तोंड करून.

सुझाना फाटकापाशी गेली. आत गवत गुडघाभर. हात वर केला तर पाटी सहज निघाली असती. मागून पान्तेलिमोन म्हणाला, "घ्या की काढून. तुमचीच तर आहे."

तिनं हात वर केला, पण पाटी काढली नाही. हान्सच्या वेळी ह्याच फाटकाशी तिनं स्वतः पाटी दिली होती. आतून क्लोसबाई ॲप्रनवरचं पीठ झटकत आली होती आणि काही न विचारता तिनं ती घेतली होती.

"माझी नाही," सुझाना म्हणाली. "शेजाराची आहे."

घरी येऊन तिनं दार लावलं. दाराआडचा खिळा रिकामा होता, भोवती लाकडाचा रंग तेवढा फिकट. इतक्या वर्षांत पहिल्यांदा पाटी घरात झोपली नाही. ती मात्र रात्रभर जागी होती.

रविवारी सकाळी तिनं एकटीनंच चर्चची घंटा दिली. दुपारी दुधाची एक प्लॅस्टिकची पिशवी आणि सुतळी घेऊन ती तेवीस नंबरला गेली आणि पाटीला पिशवी घालून नीट बांधून आली, बर्फात लाकूड फुगू नये म्हणून. येताना सतराच्या फाटकाशी पावलं घुटमळली. आत मिरच्यांचा वास होता, माणसांचे आवाज होते. तिनं हात उचलला, टकटक केलं नाही, पुढे आली. सूप गरम केलं, एका वाटीत घेतलं, फोनपाशी बसली.

पाच वाजता फोन वाजला. उवेनं प्रकृती विचारली नाही, हवा विचारली नाही. "आई, आज सांग. येतेस की नाही?"

खिडकीतून गल्लीच्या टोकाचं हिरवं फाटक दिसत होतं. पिशवी वाऱ्यानं फडफडत होती.

ती म्हणाली, "पाटी बाहेर आहे, उवे, क्लोसांच्या दारावर. ते ऑगस्टात येतील, घेतील, पुढे देतील, आणि ती फिरून घरी आली की मग मला विचार."