जामीनदाराच्या जीपमधली शालन

महिपतीआबांना शालन तशी माहीत नव्हतीच. आंदर मावळातल्या एकाच गावात दोघांचं आयुष्य गेलं. पण तिचं घर बौद्धवाड्यात, आबांचं देवळाशेजारी, आणि मधे ओढा. ती कशाला हसते, कशाला घाबरते, यातलं आबांना काही सांगता आलं नसतं. तिची एक म्हैस होती आणि आवाज मोठा होता, एवढंच.

त्या म्हशीवरूनच झालं. म्हैस दत्तोबाच्या शेतात शिरली. दत्तोबा आबांचा चुलतभाऊ. त्याच्या मुलानं, समर्थनं, सकाळी डेअरीवर सगळ्यांसमोर शालनला जातीवरून शिव्या दिल्या आणि ढकललं. तिनं पोलिसात फिर्याद दिली. समर्थ आत गेला. गावाला फार वाईट वाटलं. समर्थबद्दल.

जामिनाची तारीख पडली. आबांच्या सातबाऱ्यावर कर्ज नव्हतं, त्यामुळे गावात कुणालाही धरलं की जामीनदार आबाच. नको म्हणायची त्यांना सवय नव्हती. दत्तोबानं वडगावच्या कोर्टात जायला जीप सांगितली. अशा केसमध्ये जामीन देण्याआधी कोर्टाला फिर्यादीचं म्हणणं ऐकावं लागतं; पण त्या दिवशी एसटीच आली नाही, म्हणून दत्तोबा खुशीत होता.

"ती काय येत न्हाई आता," तो म्हणाला.

फाट्यावर शालन उभी होती. डोंगरातल्या रस्त्यावर उभ्या बाईमाणसाला टाकून गाडी पुढं न्यायची नाही, ही तिकडची रीत. ड्रायव्हरनं विचार न करता ब्रेक दाबला, आबांनी विचार न करता दार उघडलं, आणि शालन बसलीसुद्धा.

"कुटं निघालीस?" आबांनी विचारलं.

"कोर्टात. तुमी?"

"आमीबी."

दत्तोबा पुढच्या सीटवरून मागं वळला. "जाऊ दे की, शालन. लेकरू हाय."

"दोन लेकरांचा बाप हाय त्यो."

"केस माघारी घे. तुझ्या म्हशीला वर्साचं गवत मी देतो."

"म्हशीनं केस न्हाई केली, भाऊ." ड्रायव्हरला हसू आलं, ते त्यानं खोकल्यावर नेलं. शालन पुढं म्हणाली, "मी एकटी रानात जाते. माझी साक्ष हुईस्तवर त्यो गावात नको. येवढंच सांगायला चाललेय."

कोर्टात समर्थचे वकील उभे राहिले. फिर्यादी दुर्गम भागात राहतात, नोटीस मिळूनही आल्या नाहीत, असं ते सांगू लागले.

"आलेय की!" मागून आवाज आला.

न्यायाधीशबाईंनी विचारलं, "कशा आलात?"

"ह्यांच्याच गाडीतनं."

वकील डगमगले नाहीत. आरोपीचे वडील फिर्यादीला स्वतःच्या गाडीतून आणतात, याहून मोठा सलोखा तो कोणता? दबावाचा प्रश्नच येत नाही! दत्तोबाची मान ताठ झाली, जणू जीप त्यानंच थांबवली होती.

"गाडीत काय बोलणं झालं?" न्यायाधीशबाईंनी शालनला विचारलं.

"केस माघारी घे म्हनले. म्हशीला गवत देतो म्हनले."

जामीन झाला, पण तिची साक्ष होईपर्यंत समर्थनं गावात यायचं नाही आणि तिच्याशी कसलाही संपर्क ठेवायचा नाही, या अटीवर. समर्थ लोणावळ्याला मामाच्या बंगल्यावर राहायला गेला. गाव त्याला वनवास म्हणू लागलं. सुट्टीच्या दिवशी कुणी ना कुणी त्याचं सांत्वन करायला जाई आणि येताना चिक्की घेऊन येई.

आबांचं मात्र भलतंच झालं. सही करताना वकिलांनी अटी मोठ्यानं वाचल्या. आबांना वाटलं, सही आपली, म्हणजे तिच्याशी संपर्क न ठेवायची अट आपल्यालाही. विचारायचा संकोच वाटला. दुसऱ्या दिवशी शालन दारात आली तेव्हा ते गोठ्यात जाऊन बसले. तिला हवं ते त्यांच्या बायकोनं, रतनबाईनं, दिलं. पुढं ती वाटेत दिसली की आबा बांधावरून वळत. कोर्टाची अट एवढ्या कसोशीनं समर्थनंही पाळली नसेल.

शालनची साक्ष झाली. एकदाही अडखळली नाही म्हणे. समर्थ गावात परतला. आबांचीही अट सुटली, पण तोवर न बोलण्याचीच सवय झाली होती, आणि त्या हिवाळ्यात शालन वारली.

त्यांचं शेवटचं बोलणं झालं ते सहीच्या आधी, कोर्टाच्या व्हरांड्यात.

"आबा, आंबेमोहराचं बी हाय का शिल्लक? आमचं उंदरांनी खाल्लं."

"हाय की. उद्या ये."

"सकाळच्याला यीन, धार काढून."

"ये."