चष्मा काढणारे डॉक्टर

धरमपेठेत आमच्या शेजारी राहणारे ते गृहस्थ मुंबईच्या सिनेमात आणि टीव्हीवर बारीकसारीक कामं करत. न्यायाधीश, मुनीम, नवरीचा बाप, म्हणाल ते. पण खरा हातखंडा डॉक्टरच्या कामात. पेशंटचं मनगट सोडायचं, सावकाश चष्मा काढायचा आणि खाली बघायचं. पेशंट खलास! पडद्यावर त्यांचं नाव कुणी वाचलं नव्हतं, पण शूटिंग संपवून घरी आल्यावर ओट्यावर बसून त्यांनी नुसता चष्मा काढला, तरी गल्लीतल्या बाया धसकायच्या.

एका मे महिन्यात समोरच्या आजी तापानं फणफणल्या. खऱ्या डॉक्टरांच्या गोळ्या काही केल्या घेईनात. "त्या सिनेमातल्या डाक्टरले बोलवा. मी जगन का नाही, तोच सांगन."

ते गेले. मनगट धरलं. घामानं काचा पार धुरकटल्या, नाकावरून थेंब ओघळले, पण चष्म्याला त्यांनी हात म्हणून लावला नाही. "नाडी मस्त चालून राहिली, माय. गोळ्या काहून घेत नाही वं?"

आजींनी मुकाट्यानं गोळी गिळली.

दुसऱ्या दिवशी ताप उतरला. खरे डॉक्टर बघायला आले आणि घाम पुसायला त्यांनी चष्मा काढला. आजी ताडकन उठून बसल्या. "पहिले तो चष्मा घाला जी!"

दारात माझ्याजवळ उभ्या असलेल्या आमच्या शेजाऱ्यांनी मला हळूच कोपर मारलं. चेहरा नुसता फुलला होता.

"पाहिलं का गा? लोक माझं काम ध्यानात ठेवते."