परकोटाभोवतीची एक फेरी

चांद्याच्या ट्रेनिंग शाळेत दुसऱ्या वर्षी माझा एक पाठ फसला, तो चौथीतल्या एका पोरीच्या प्रश्नामुळे. पाठाचा विषय होता ‘आपले शहर’. मी मूळची आरमोरीची, धानाच्या बांधीत वाढलेली. सातवी पास झाल्यावर वर्षभर धानोऱ्याकडच्या एका खेड्यात बिनट्रेनिंगची मास्तरीण म्हणून शिकवलं होतं आणि नोकरी पक्की व्हावी म्हणून दोन वर्षांसाठी चांद्याला आले होते. शहराची माहिती मी पुस्तकातून घोकली. फळ्यावर गोंड राजांचा परकोट काढला, चार दरवाजे काढले, पाच खिडक्या काढल्या आणि घडाघडा बोलत सुटले.

पहिल्या बाकावरची एक पोरगी उठली. “बाई, तुमी पाह्यला काय परकोट?”

“पाहिला की. रोज जटपुरा दरवाजातून येते-जाते मी.”

“तो तं समदेच पाह्यतेत. बाकीचा?”

वर्ग हसला. मी उगीच डस्टर उचलून खाली ठेवलं. मागच्या बाकावर बसलेल्या आमच्या शिक्षिकाबाईंनी माझ्या पाठाच्या टाचणवहीत दोनच शब्द लिहिले: ‘पाठ पुन्हा.’

बाहेर आल्यावर त्या रागावल्या नाहीत. म्हणाल्या, “पुढच्या महिन्यात परीक्षक येतील, त्यांच्यासमोर हाच पाठ दे. पण आधी पायानं शिक.” आणि त्यांनी मला एका म्हाताऱ्या मोजणीदाराचं घर सांगितलं.

हे गृहस्थ जमीन मोजणीच्या खात्यातून निवृत्त झाले होते. तरुणपणी त्यांनी साखळी टाकून सगळा परकोट मोजला होता. आता महिन्यातल्या एका रविवारी ते चार-पाच माणसांना घेऊन परकोटाला पायी फेरी घालत आणि वाटेत माहिती सांगत. पैसे घेत नसत. पाचाच्या वर माणूस मात्र घेत नसत. मी गेले तेव्हा त्यांचे पाच झालेले होते.

“सहावा नाई चालत,” ते म्हणाले. “मागच्याले आयकू येत नाई. मंग तो दुसऱ्याले इचारते, तो तिसऱ्याले, अन् माह्या सांगण्याचं वाटोळं होते.”

“मी विचारणार नाही, भाऊ. नुसती चालते.”

“सात मैलाच्या वर हाये. बायामाणसाइले होत नाई.”

“गावी मी रोज तेवढं चालत होते. तेही डोक्यावर भारा घेऊन.”

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मग म्हणाले, “सहा वाजता, जटपुऱ्यापाशी. मी कोणासाठी थांबत नाई.”

मी साडेपाचलाच जाऊन उभी राहिले. थंडी ओसरत आलेली होती आणि दरवाजाजवळच्या हॉटेलात भजी तळायला घेतली होती. बाकीचे पाच एकेक करून आले. दवाखान्यातला एक कंपाउंडर, दोघे शाळामास्तर आणि नागपूरकडून पाहुणे आलेलं एक जोडपं. मोजणीदारभाऊ धोतर, काळा कोट आणि बगलेत छत्री अशा थाटात आले. त्यांनी छत्रीचं टोक वर करून कमानीजवळचं शिल्प दाखवलं. हत्तीला दाबून धरलेला सिंह. मी दोन वर्षं त्याच्याखालून जात होते आणि एकदाही मान वर केली नव्हती. मला स्वतःचीच लाज वाटली. त्याच क्षणी मी ठरवलं, आज या भिंतीचा एकही कोपरा सोडायचा नाही.

आम्ही पश्चिमेला वळलो. भाऊ खरोखरच कोणासाठी थांबत नव्हते. कुठे भिंतीच्या कडेनं पायवाट, कुठे वरून चालण्यासारखी रुंद जागा, कुठे बोरीबाभळींनी सगळं गिळलेलं. मी चपला काढून हातात घेतल्या. त्या शहरासाठी म्हणून घेतलेल्या होत्या आणि त्यांनी टाचा सोलून काढल्या होत्या. अनवाणी झाल्यावर माझी पावलं झपझप पडू लागली. भाऊ काय सांगतात ते मी ऐकत होते आणि पुटपुटत मनात बसवत होते, कारण लिहायला थांबले असते तर मागे राहिले असते. कोणता दगड खाणीतला, कोणता जुन्या देवळाचा, कुठे बुरूज ढासळला आणि कोणाच्या गोठ्यात गेला, हे सगळं त्यांना ठाऊक होतं. एका ठिकाणी एक माणूस परकोटाचा दगड बैलगाडीत चढवत होता. भाऊंनी त्याला नुसतं “राम राम” केलं. तो ओशाळला, दगड तिथेच टाकून गाडी घेऊन गेला.

बिनबा दरवाजापाशी नागपूरच्या बाईंचा पाय मुरगळला. तो दुखावला होता की त्या कंटाळल्या होत्या, देव जाणे. ते जोडपं रिक्षा शोधत परत गेलं. भाऊंनी माझ्याकडे वळूनही पाहिलं नाही, पण मोठ्यानं म्हणाले, “आता मागच्याले बी आयकू येते.” मी चार पावलं पुढे सरकले.

तिथून पठाणपुऱ्याकडे जाताना भिंत इरई नदीच्या अंगाला येते. वाटेत परकोटात एक लहानशी खिडकी लागली. खिडकी म्हणजे माणूस वाकून जाईल एवढं दार. भाऊ थांबले आणि वर्गात उभे राहावं तसे उभे राहिले.

“हे चोरवाट. शत्रूनं वेढा घातला का राजाचे शिपाई इथून बाहेर पडत, अन् नदीनदीनं मदत आनायले जात.”

खिडकीच्या आत, भिंतीला टेकून एक ढिवरीण बसली होती. पायाच्या अंगठ्यात मासोळीचं जाळं अडकवून ती ते सांधत होती. वय साठीचं असेल. सुई न थांबवता ती म्हणाली, “कोन्ते शिपाई, भाऊ?”

“राजाचे.”

“नाई जी. हे बाहेर जायची नाई. हे आत यायची खिडकी हाये.”

मास्तरांपैकी एकजण हसला. भाऊंचे कान लाल झाले. “बाई, मी हा परकोट मोजला हाये. दगड न् दगड.”

“तुमी मोजला असन. आमी इथीच राह्यतो.” तिनं जाळं बाजूला ठेवलं. “दरवाजे सांजेले बंद होत. नदीच्या अंगानं आमच्या लोकाइचे घरं. धोब्याइचे बी. पूर आला का लोकं कुठी जातीन? या खिडकीवर येऊन बडवत. आतून खोलून देत. अडसर काढाचं काम माह्या सासऱ्याच्या घरी होतं. त्याच्या बापाकडं, त्याच्या आज्याकडं. शिपायाइले काय, त्याइले घोडे होते.”

“हे कुठी लिहून हाये?” भाऊंनी विचारलं.

“हाये ना. या, दाखवतो.”

ती उठली आणि वाकून खिडकीतून पलीकडे गेली. कंपाउंडर आणि मास्तर जागचे हलले नाहीत. भाऊही हलले नाहीत. मी गेले. बाहेरच्या बाजूला, दाराच्या उजवीकडे भिंतीच्या दगडांवर छिन्नीनं आडव्या रेघा मारलेल्या होत्या. काही माझ्या गुडघ्याएवढ्या उंचीवर, काही कमरेजवळ आणि एक माझ्या डोक्याच्याही वर. प्रत्येक रेघ एकेका पुराची, ती म्हणाली. पाणी जिथवर चढलं तिथं तिच्या सासरच्यांनी रेघ मारलेली. सगळ्यात वरची रेघ कोणाच्या हातची ते तिलाही ठाऊक नव्हतं. कमरेजवळच्या एकीवर तिनं तळवा ठेवला. “हे मी नवी नवरी होतो तवाची. रातभर लोकं आत येत होते. शेळ्या, पोरं, खाटा. माह्या सासऱ्यानं एक बी माणूस बाहेर राहू देल्ला नाई.”

मी हात वर करून सगळ्यात वरच्या रेघेला बोट लावायचा प्रयत्न केला. टाचा उंचावल्यावर जेमतेम लागलं.

“भाऊ,” मी खिडकीतून आत ओरडले, “तुम्ही या इकडे.”

मी पुन्हा हाक मारली. तिसऱ्यांदा मारली. त्यांच्याशी असं बोलायची माझी योग्यता नव्हती, पण ते न पाहता पुढे गेले असते तर मला ते सहन झालं नसतं. शेवटी आधी छत्री आली, मग टोपी, मग वाकून आलेले भाऊ. त्यांनी चष्मा पुसला आणि खालपासून वरपर्यंत सगळ्या रेघा पाहिल्या. दोनदा पाहिल्या.

“मी आतूनच साखळी टाकली होती,” ते म्हणाले. कोणाला उद्देशून ते कळलं नाही.

मग ते तिथंच एका दगडावर बसले, कोटाच्या खिशातून एक जुनी वही काढली आणि त्या बाईला म्हणाले, “सांगा बाई. पह्यल्यापासून सांगा. आस्ते.”

अर्धा तास गेला. मास्तर कंटाळून निघून गेले. कंपाउंडर थांबला, आणि नंतर तोच सगळ्यात जास्त प्रश्न विचारू लागला. पठाणपुरा, अचलेश्वर करत आम्ही तिघं जटपुऱ्याला परतलो तेव्हा ऊन चांगलंच तापलं होतं. माझ्या तळव्याला काटा मोडला होता, पण फेरी पुरी झाली होती. निरोप घेताना भाऊ म्हणाले, “तीस वर्सं झाले मी ते चोरवाट सांगून राह्यलो.” ते हसले नाहीत. मी त्यांच्या पाया पडले.

महिन्यानं परीक्षक आले. मी तोच विषय घेतला, पण पुस्तकातला उतारा बाजूला ठेवला. फळ्यावर एकच खिडकी काढली आणि तिच्याशेजारी रेघा. पोरांना विचारलं, ही रेघ कशाची असेल? कोणी म्हणालं उंची मोजायची, कोणी म्हणालं हिशेबाची. ती पहिल्या बाकावरची पोरगी रेघांकडे टक लावून पाहत होती. पुराची गोष्ट सांगितली तेव्हा शेवटच्या बाकावरचा एक पोरगा एकदम म्हणाला, “बाई, आमचं घर तिथीच हाये!” पाठ संपला तरी पोरं उठेनात.

परीक्षकांनी मला ऑफिसात बोलावलं. मोठे विद्वान होते, आवाज शांत होता.

“ही माहिती कोणत्या ग्रंथात आहे?”

“ग्रंथात नाही, सर. तिथं राहणाऱ्या बाईंनी सांगितली.”

“कोण बाई?”

“मासोळी विकतात.”

त्यांनी टाचणवहीत बोट ठेवलं. “टाचणातून तेवढा भाग काढून टाका. पुस्तकात आहे तसं लिहा, मी सही करतो.”

नोकरी या सहीवर अवलंबून होती, आणि घरी आईनं दोन वर्षं माझ्यावाचून शेती ओढली होती. तरी मी म्हणाले, “सर, तुम्ही एकदा तिथं चला. दगडावर रेघा नसतील तर मी तिथंच काढून टाकते.”

“माझी गाडी दुपारची आहे.”

“मग मी काढत नाही, सर.”

शिक्षिकाबाई दाराशी उभ्या होत्या. त्या आत येऊन माझ्याशेजारी उभ्या राहिल्या. परीक्षकांनी दौतीत टाक बुडवला, पास होण्यापुरतेच गुण दिले आणि शेऱ्यात लिहिलं: ‘अध्यापन बरे. स्वभाव हट्टी.’ सही केली. मी वही घेऊन बाहेर आले आणि हौदावर जाऊन चूळ भरली.

चांदा सोडण्याआधी मी त्या खिडकीपाशी जाऊन आले. बाई घरीच होत्या. पाठाची सगळी हकिकत सांगितली. मला वाटलं त्यांना खूप आनंद होईल. त्यांनी एवढंच विचारलं, “लेकराइले समजलं ना?”

“समजलं.”

“मंग झालं. बसा, भात खाऊन जा.” झिंग्यांचं कालवण होतं. तिखट इतकं की डोळ्यांतून पाणी आलं, आणि त्या माझ्याकडे पाहून पहिल्यांदाच मोकळेपणी हसल्या.

मला पुन्हा धानोऱ्याकडचीच शाळा मिळाली. तिथं परकोट नव्हता, दरवाजे नव्हते, भोवती नुसतं जंगल. पहिल्याच महिन्यात मी मुलांना म्हटलं, रविवारी आपण गावाची फेरी करू, तुमच्या आजी-आज्यांना विचारू. चारच मुलं आली. ती आपसात गोंडी बोलत होती आणि मला त्यातले दहा शब्दही येत नव्हते. पुढची वर्षं मी ती भाषा शिकण्यात घालवली, पोरं चुका काढून हसत असताना. त्या रविवारी मात्र एका म्हाताऱ्यानं मोहाच्या झाडाखाली बसून तासभर काहीतरी सांगितलं, आणि एका मुलीनं मला त्यातलं जमेल तेवढं मराठीत करून दिलं. उरलेलं मी तिला दुसऱ्या दिवशी पुन्हा विचारलं.