गफूरचाचांची शास्ती

गफूरचाचांनी लिहिलेला अर्ज नुसता हातात कधी मिळत नसे. अहमदपूरच्या तहसीलसमोर लिंबाखाली बसून ते अर्ज लिहीत, तीनदा वाचून दाखवत आणि मग अर्जदारालाच विचारत, "आता तू सांग, काय लिवलंय?" त्याने आपल्या शब्दांत सांगितल्याशिवाय कागद सोडायचा नाही, ही निजामाच्या काळात त्यांच्या उस्तादांनी लावलेली शिस्त. मला तो रिकामटेकडेपणा वाटे.

मी तेव्हा नांदेडहून बदलून आलेला कारकून. लातूर जिल्हा नवा, शिक्के नवे आणि माझा मराठीचा अभिमान तर कोरा करकरीत. त्यातच दुष्काळ पडला. सरकारने गावोगावच्या विहिरी पिण्याच्या पाण्यासाठी ताब्यात घेतल्या. मालकांनी पिकाला पाणी देऊ नये, गावाला भरू द्यावं, एवढंच कळवायचं होतं. मी लिहिलं, "अधिग्रहित जलस्रोताचा अनधिकृत उपसा झाल्यास आपण शास्तीस पात्र राहाल." साहेबांनी सही केली. त्यांनाही कळलं नसावं.

चौथ्या दिवशी चाचा जवळच्या एका गावच्या सागराबाईंना घेऊन माझ्या टेबलापुढे उभे राहिले. नोटिशीच्या धास्तीने बाईंनी आपल्या विहिरीभोवती बाभळीचे काटे लावले होते. कुणालाच पाणी भरू द्यायचं नाही, असा अर्थ त्यांनी काढला होता. गाव दोन दिवस कोसभर लांबून पाणी आणत होतं आणि बाईंना शिव्या देत होतं.

मी नोटीस समजावून सांगितली, म्हणजे तीच पुन्हा मोठ्याने वाचली. समजलं का, असं चाचांनी विचारलं. बाईंनी मान हलवली, नाही.

"आमच्या टायमाला दंडाला जुर्माना म्हणायचे," चाचा मला म्हणाले. "त्याला आधी जुर्म लागतो, म्हणजे गुन्हा. हिचा जुर्म काय? आन् तुमची ही शास्ती कुठून आली?"

आयुष्यात पहिल्यांदाच कुणी मला व्युत्पत्ती विचारली होती. मी हुरळून व्याख्यानच दिलं: संस्कृतातला शास् धातू, अर्थ शिकवणं, वळण लावणं, शिष्य, शास्त्र, शासन ही सगळी त्याचीच लेकरं.

"मंग आधी शिकवायचं असतंय की, साहेब," चाचा म्हणाले. "चला."

दुपारच्या एसटीने आम्ही गेलो. विहिरीवर उभा राहून मी तीनदा तेच सांगितलं, दर वेळी एकेक जड शब्द गाळत. शेवटी बाई म्हणाल्या, "गावाला भरू द्यायचं, पिकाला द्यायचं न्हाई. एवढंच व्हय?" आणि स्वतःच काटे ओढून बाजूला केले. घागरी घेऊन आलेल्या बाया माझ्याकडे बघत होत्या. मी चपलेतला खडा काढत बसलो, खडा नव्हताच.

चाचा गेले तेव्हा मी बढती मिळून वरच्या खुर्चीवर होतो. त्याच लिंबाखाली शोकसभेत बोलायला उठलो आणि सवयीने सुरू झालो, "त्यांच्या निधनाने निर्माण झालेली अपरिमित पोकळी..."

मागून सागराबाईंचा आवाज आला, "साहेब, काय म्हणलात ते सांगा की."

"चाचा गेले," मी म्हणालो. "मला लई वाईट वाटतंय."

"हां," बाई म्हणाल्या. "आता समजलं."