दिनकरनं थापटलं तवा

हे म्या घरच्या माणसाईलेही सांगतलं नाही. तुम्हाले सांगून राह्यलो — काऊन, ते मलेच कळत नाही. चौथी नापास माणूस मी. पण तालमीत माझा शब्द खाली पडत नसे.

दिनकर माझा पठ्ठा. लहानपणापासून माझ्याच मातीत लोळलेला. मंग जालन्याले गेला, लाथाबुक्क्या अन् हात पिळायचे नवे डाव शिकून आला. सगळ्या पोराईसमोर म्हणे, "वस्ताद, निस्त्या कुस्तीनं आता भागत नाही." ते लागलं मले. अजूनही — जाऊ द्या.

खामगावात कापसाच्या एका बंद पडलेल्या जिनिंगच्या शेडात, दार ओढून, या नव्या डावाईच्या लढती चालत. परवानगी कशाची? दिनकरनंच मले पंच म्हणून नेलं, मान म्हणून. शिट्टी गळ्यात घातली. माझ्या मांडीवर हात थापटून दाखवला — "वस्ताद, इथं पाठ टेकून कोणी हारत नाही. असं थापटलं का हारला. शिट्टी मारा. शिट्टीबिगर समोरचा सोडत नाही, हाड जाते."

समोर अकोल्याचा गडी. दिनकरनं त्याले माझाच धोबीपछाड मारला — काय मारला! गडी पाठीवर. कुस्ती असती त तिथंच निकाल होता. पण त्यानं खालूनच दिनकरचा उजवा हात मांड्यात धरला अन् कोपरातून उलटा ताणला. दिनकरनं डाव्या हातानं जमिनीवर थापटलं. पुन्हा थापटलं. माझ्याकडं पाह्यलं —

शिट्टी माझ्या ओठात होती. मनात काय होतं? हेच — भागत नाही ना कुस्तीनं? मंग भोग.

हाड वाजलं. मंग फुंकली.

लोकाईले सांगतलं, आमच्यात शड्डू ठोकतात, मले वाटलं पोरगा जोर आणून राह्यला; मी अडाणी, मले काय समजे? जन्मभर कोणाले अडाणी म्हणू दिलं नाही. त्या दिवशी आपल्याच तोंडानं म्हणालो. अन् हात गळ्यात बांधलेला दिनकरच सगळ्याईले दटावे, "वस्तादाले बोलू नका बे. त्याईले नियम सांगतलाच कोणं होता?"

कोणं सांगतला होता — आम्हा दोघाईलेच ठाऊक.

त्याचा कोपर आता सरळ होत नाही. चिखलीच्या स्टँडवर भेटला का वाकते, डाव्या हातानं पाया पडते.

मी पाय मागं घेत नाही.